आरोपी सुटला, धुऱ्याचा वाद सुटला नाही
(जिल्हा मेळाव्यातील भाषण)



कापसाच्या भावावर बोलून झालं. आता घरातल्या तोट्याचा हिशेब मांडू. धुऱ्यावरून भावाभावांत काठ्या चालतात, डोकी फुटतात, फौजदारी खटला उभा राहतो. काही वर्षांनी निकाल लागतो, आरोपी निर्दोष. मग फिर्यादी आमच्याकडे येऊन म्हणतो, "दोन एकर विकीन, हायकोर्टात जाईन, पण त्याला आत टाकीन." एकर विकण्याआधी दोन गोष्टी समजून घेऊ.

पहिली गोष्ट, वरचं कोर्ट काय पाहतं? बिहारच्या पूर्णिया जिल्ह्यातला एक खटला आहे. दोन पक्षांत जुने वाद होते. धानाची कापणी चालू असताना जमाव चालून आला आणि एक मजूर भाल्याच्या घावाने मेला, अशी फिर्याद होती. सेशन कोर्टाने आरोपींना सोडलं. फिर्यादीने पाटण्याच्या हायकोर्टात रिव्हिजन केली. हायकोर्टाने साक्षी पुन्हा तोलल्या आणि फेरखटल्याचा हुकूम दिला. 1951 मध्ये सुप्रीम कोर्टाने तो हुकूम रद्द केला. रिव्हिजनमध्ये सुटलेल्याला दोषी ठरवता येत नाही, आणि साक्षी नव्याने तोलून फेरखटल्याच्या आडवाटेनेही ते करता येत नाही, असं कोर्टाने सांगितलं. वाद जमीनवाल्यांचा, जीव गेला मजुराचा.

रिव्हिजनची ती मर्यादा आजही आहे. पण 31 डिसेंबर 2009 पासून ज्याच्यावर गुन्हा घडला त्याला सुटकेविरुद्ध स्वतः अपील करण्याचा हक्क मिळाला. त्यासाठी आधी कोर्टाची परवानगी लागत नाही, हे सुप्रीम कोर्टाने 2018 मध्ये स्पष्ट केलं. 1 जुलै 2024 ला लागू झालेल्या नव्या संहितेतही हा हक्क आहे. मॅजिस्ट्रेटने सोडलं असेल तर हे अपील जिल्ह्याच्या सेशन कोर्टात चालतं. दरवेळी नागपूर-मुंबई गाठायची गरज नाही.

अपिलात सगळा पुरावा पुन्हा तपासता येतो. पण त्याच पुराव्यातून दोन अर्थ निघत असतील आणि खालच्या कोर्टाने आरोपीच्या बाजूचा घेतला असेल, तर वरचं कोर्ट सहसा सुटका मोडत नाही. 2007 मध्ये सुप्रीम कोर्टाने हे पुन्हा बजावलं. म्हणजे जे पहिल्या दिवशी पेरलं तेच वर उगवतं. त्याच दिवशी फिर्याद, सरकारी दवाखान्याचा दाखला, जागेवरचा पंचनामा आणि आपल्या घरचा नसलेला साक्षीदार. हे नसेल तर मोठा वकील लावूनही तण काढल्यासारखं होईल, पीक येणार नाही.

दुसरी गोष्ट त्याहून मोठी. फौजदारी कोर्ट मारहाण सिद्ध झाली का ते पाहतं. धुरा कोणाचा, हे ते ठरवत नाही. आरोपी सुटला म्हणून जमीन त्याची होत नाही. त्याला शिक्षा झाली तरी ती आपली होत नाही. मालकीचा निकाल दिवाणी कोर्टाचा. जेलमधून सुटून भाऊ पुन्हा त्याच धुऱ्यावर उभा राहणार आहे.

म्हणून सांगतो, पऱ्हाटी उपटून रान मोकळं झालं की हद्दीची सरकारी मोजणी मागा, खुणा रोवून घ्या, नकाशाची नक्कल घरात ठेवा. सगळे हिस्सेदार राजी असतील तर जमीन महसूल संहितेच्या कलम 85 खाली तहसीलदाराकडे वाटणीचा अर्ज करा. 2005 च्या दुरुस्तीने वडिलोपार्जित जमिनीत मुलीचा हक्क मुलाइतकाच आहे. तिला वगळून केलेली वाटणी म्हणजे पुढच्या खटल्याची पेरणी.

डोकं फुटलं असेल आणि पुरावा पक्का असेल, तर अपील जरूर करा. मुदत चुकवू नका. आम्ही निकालाची नक्कल वाचायला सोबत बसू. पण केवळ सूड म्हणून एकरभर रानही विकू नका. पुढच्या बैठकीला येताना प्रत्येक शाखेने आपल्या गावातल्या धुऱ्याच्या वादांची यादी आणावी. पेरणीआधी त्यातले जेवढे मोजणीवर मिटतील तेवढे मिटवू.