मातीवरचे चित्र

दिल्लीत हुमायूनच्या कबरीलगत नीला गुंबद नावाची मोगलकालीन वास्तू आहे. शतकानुशतके ऊन-पाऊस सोसूनही तिच्या जुन्या फरश्यांची निळाई विटलेली नाही. याचे कारण असे की, तो रंग फरशीवर नुसता फासलेला नाही. काचेसारख्या झिलईत तो विरघळून एकजीव झालेला आहे. मातीवरच्या चित्राचे मर्म यातच आहे. चित्र हाताने काढले की ठशाने उमटवले, याइतकेच अग्नीने ते कोठे बसवले, यालाही महत्त्व असते.

कागदावरची शाई भट्टीत टिकत नाही. ती जळून जाते. म्हणून येथे रंगासाठी धातूंची संयुगे लागतात. कोबाल्टपासून निळा, तांब्यापासून हिरवा वा फिरोजी, लोखंडापासून तपकिरी रंग मिळतो. लावताना हे रंग बहुधा मळकट दिसतात. त्यांचे खरे रूप भट्टी उघडल्यावरच कळते.

असे रंग ठशाने उमटवण्याची कला अठराव्या शतकात इंग्लंडमध्ये फोफावली. लिव्हरपूलचे जॉन सॅडलर आणि गाय ग्रीन यांनी १७५६ साली शपथपत्र करून सांगितले की, आपण सहा तासांत बाराशेहून अधिक फरश्या छापल्या. त्यांची छपाई झिलईच्या वर होती. पुढे १७८०च्या दशकात जोसाया स्पोड याने झिलईखालची निळी छपाई पूर्णत्वास नेली. तांब्याच्या पत्र्यावर नक्षी कोरायची, पत्रा तापवून त्यात कोबाल्टची तेलकट शाई भरायची, तिचा ठसा पातळ कागदावर घ्यायचा आणि तो कागद एकदा भाजलेल्या भांड्यावर घासून बसवायचा. मग पाण्याने कागद सोडवायचा, मंद आचेवर तेल जाळायचे आणि वरून झिलई देऊन भांडे पुन्हा भाजायचे. असे चित्र काचेच्या कवचाखाली सुरक्षित राहते.

आता दिल्लीच्या आग्नेयेस, सुमारे ऐंशी-पंच्याऐंशी किलोमीटरवरच्या खुर्ज्याकडे वळू. उत्तर प्रदेशाच्या बुलंदशहर जिल्ह्यातले हे गाव राजधानी परिसरातच मोडते आणि चिनीमातीच्या भांड्यांसाठी देशभर ओळखले जाते. तेथे कुंचल्याने फुले-पाने रंगवणारे कारागीर आजही आहेत. परंतु त्यांच्या शेजारी छापील चित्रांचा कागद येऊन बसला आहे. बारीक जाळीतून एकेक रंग या कागदावर उतरवतात आणि वर लाखेसारखा थर देतात. कागद पाण्यात भिजवला की चित्राची पापुद्र्यासारखी चकती सुटते. ती झिलई दिलेल्या कपावर सरकवून रबराच्या पट्टीने खालचे पाणी काढतात. पुढे सुमारे आठशे अंश सेल्सियसच्या आसपास वरचा थर जळून जातो आणि रंग झिलईला चिकटतो.

या युक्तीने हजार कपांवर हजार सारखी फुले उमलतात. स्वस्ताई येते, मागणी वेळेवर पुरी होते. मात्र येथेच दोन प्रश्न उभे राहतात. पहिला आरोग्याचा. झिलईवरचे चित्र घासण्याने झिजते. त्यात शिसे वा कॅडमियम असेल आणि भाजणी कच्ची राहिली असेल, तर चिंच-लिंबाच्या आंबटाने ते विष अन्नात उतरू शकते. म्हणून ताटाच्या मध्यावर व पेल्याच्या ओठाशी असे चित्र नसावे. शोभेला बाहेरची बाजू पुरे. दुसरा प्रश्न कारागिराच्या पोटाचा. छापील फूल हातचे म्हणून विकले गेले की, खऱ्या हाताचे मोल कोणी का द्यावे?

ग्राहकाला यातले थोडेसे पारखता येते. भांडे उजेडात तिरपे धरावे. चित्राची चकाकी भोवतालच्या झिलईहून निराळी दिसली, किंवा बोटाला त्याची कड लागली, तर ते बहुधा वर बसवलेले आहे. भिंगाखाली बारीक ठिपक्यांची जाळी दिसली, तर ती छपाई होय. कुंचल्याच्या रेषेत मात्र रंग कोठे गडद, कोठे फिका झालेला असतो, आणि दोन फुले तंतोतंत सारखी नसतात.

ठसा हा कलेचा शत्रू नव्हे. तांब्याचा पत्रा कोरणाराही कलावंतच होता. गरज आहे ती खरेपणाची. छापील भांड्याने आपण छापील आहोत असे सांगावे आणि हातच्या भांड्याला हाताचे मोल मिळावे. अग्नी दोघांचीही परीक्षा सारखीच घेतो; बाजारानेही तेवढी निष्पक्षता दाखवावी.