वाकलेल्या पाठीचा नाच



शाळेचं संमेलन जवळ आलं की आपल्या पोरी मोबाइलवर पाहून सिनेमाचे नाच बसवतात. यात्रेतल्या तमाशातही वगाआधी सिनेमाच्या गाण्यांची फर्माईश होते. मग झिम्मा-फुगडीनं काय करायचं? गावंढळ म्हणून सोडून द्यायची? हाच पेच एकदा पार जपानात पडला होता. तिथली गोष्ट ऐका.

दुसऱ्या महायुद्धात जपान हरला. १९४५ ते १९५२ तिथं अमेरिकेच्या सैन्याचा अंमल होता. सैन्यामागोमाग अमेरिकेची गाणी, सिनेमे आणि नाच आले. शहरातल्या तरुणांना त्यांचं वेड लागलं.

तात्सुमी हिजिकाता हा उत्तरेकडच्या अकिता भागातला. तिकडं थंडी फार, आणि शेती भाताची. टोकियोला जाऊन तो परदेशी नाच शिकला. १९५९ साली त्यानं असा एक प्रयोग केला की बघणारे हादरले. त्यातून पुढं 'बुतो' नावाचा नाच घडला.

बॅले नाचात पाय ताठ आणि उड्या उंच. बुतोत मात्र गुडघे वाकलेले, अंग जमिनीकडं झुकलेलं. चिखलात वाकून राबणाऱ्या, गारठ्यानं आखडलेल्या आपल्या भागातल्या माणसांच्या अंगातून हिजिकातानं हा नाच घेतला. १९६५ मध्ये छायाचित्रकार एइको होसोए यांना घेऊन तो अकितातल्या खेड्यात गेला, शेतात आणि पोराबाळांत वावरला. ते फोटो जगभर गाजले. आज अमेरिकेतले लोकही बुतो शिकतात.

बाहेरचं शिकायला त्यानं नाही म्हटलं नाही. पण नाचला तो आपल्या मातीतल्या अंगानं.

आता आपल्याकडं बघा. खुरपताना, कांद्याची रोपं लावताना आपलीही पाठ वाकते. पंचमीला, मंगळागौरीला आपण सूप नाचवतो, लाटणं घेऊन फुगडी घालतो, घागर फुंकतो. रोज हाताखालची वस्तू घेऊन केलेला हा नाचच आहे. कुणा म्हाताऱ्या आजीला येतात तेवढे प्रकार आपल्यापैकी किती जणींना येतात? तिच्या माघारी ते शिकवणार कोण?

म्हणून बचत गटाच्या पुढच्या बैठकीत गावातल्या एखाद्या आजीला बोलवा. तिच्याकडून दोन प्रकार पोरींना शिकवा. संमेलनात सिनेमाचं गाणं खुशाल होऊ द्या, पण त्याच्या जोडीला एक खेळ आपलाही असू द्या. आणि तो सुरू झाला की खाली बसून नुसत्या टाळ्या वाजवू नका. पदर खोचा आणि पोरींबरोबर फेर धरा.