बन्सी चंद्रगुप्त यांचे नेपथ्य

कलादिग्दर्शक बन्सी चंद्रगुप्त यांचा जन्म १९२४ चा, सियालकोटचा. घराणे काश्मिरी पंडितांचे. चित्रकार व्हायचे म्हणून ते कोलकात्यात आले आणि सिनेमात रमले. १९४७ मध्ये सत्यजित राय, चिदानंद दासगुप्ता यांच्याबरोबर कलकत्ता फिल्म सोसायटीच्या उभारणीत ते होते. पुढे फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रन्वार ‘द रिव्हर’ या चित्रपटासाठी बंगालमध्ये आले, तेव्हा यूजीन लुरिए या कलादिग्दर्शकाच्या हाताखाली त्यांना काम मिळाले. खरी शाळा हीच.

त्या काळचा सेट पुष्कळदा रंगवलेल्या पडद्यांचा असे. चंद्रगुप्तांच्या भिंतीला मात्र ओल आलेली असे, पोपडे सुटलेले असत. राय यांनी दिग्दर्शित केलेल्या ‘पथेर पांचाली’साठी (१९५५) बोडाल गावातले एक पडके घर त्यांनी कथेतल्या हरिहरच्या कुटुंबाचे करून दिले.

राय यांच्याच ‘अपराजितो’च्या (१९५६) वेळी पेच पडला. काशीच्या वाड्याचा चौक उघड्यावर बांधायचा बेत पावसाच्या धास्तीने सोडावा लागला आणि तो कोलकात्याच्या स्टुडिओत उभा राहिला. अशा चौकात वरून झिरपणारा, सावली न पाडणारा उजेड दिव्यांनी साधणार नाही, असे छायालेखक सुब्रत मित्र परोपरीने सांगत होते. राय आणि चंद्रगुप्त ऐकेनात. अखेर मित्रांनी चौकावर पांढरे कापड ताणून बसवले, खालून त्यावर दिवे सोडले आणि परतून येणाऱ्या उजेडात चित्रण केले. परावर्तित प्रकाशाची ही रीत मित्रांच्या नावावर जमा आहे, ते रास्तच. पण तिला निमित्त झाला तो हा सेट.

‘जलसाघर’मध्ये (१९५८) बाहेरून दिसतो तो निमतिताचा खरा राजवाडा, आतला जलशाचा दिवाणखाना मात्र स्टुडिओतला. दोन्हींचा सांधा पडद्यावर शोधून सापडत नाही. ‘चारुलता’ (१९६४) तर बव्हंशी एका घरातच घडतो. तिथल्या खोल्या आणि व्हरांडे नायिकेचे एकटेपण शब्दांशिवाय सांगतात.

नंतर ते मुंबईत आले. ‘शतरंज के खिलाडी’तला (१९७७) लखनौचा डौल त्यांचाच. पण त्यांची नजर अधिक खुलली ती ‘चक्र’मध्ये. जयवंत दळवींच्या कादंबरीवरच्या या चित्रपटात त्यांना दरबार नव्हे, मुंबईतली झोपडपट्टी साकारायची होती. १९८१ मध्ये न्यूयॉर्क येथे त्यांचे निधन झाले. ‘चक्र’साठीचे फिल्मफेअर पारितोषिक त्यांना मरणोत्तर मिळाले.