तबकडीची प्रतिमा आणि परवान्याची किल्ली

पुष्कळ घरांच्या कपाटांत लग्नाच्या नि बारशाच्या सीडी पडून आहेत, आणि त्या वाचण्याची सोय नव्या संगणकांतून नाहींशी होत चालली आहे. उपाय एकच: सीडीवरील मजकूर मूळ मांडणीसह एका फाइलींत उतरवून घेणें. हीच तबकडीची प्रतिमा. ‘आयएसओ’ हें तिचें नांव १९८८ सालच्या आयएसओ ९६६० या प्रमाणावरून पडलें. २०१२ सालच्या विंडोज ८ पासून ती उघडतां येते. उतरवून घेण्यास मात्र वेगळें सॉफ्टवेअर लागतें.

तें विकत घेणारा गृहस्थ वस्तु घेत नाहीं, परवाना घेतो. नोंदणींत त्याचें नांव व किल्लीचीं अक्षरें जुळलीं कीं पुष्कळदां काम भागतें. सक्रियन निराळें. तेथें यंत्राची खूण विक्रेत्याच्या संगणकाकडे जाते व संमति परत येते. तो संगणकच बंद पडला तर? अडोबीनें २०१२ च्या डिसेंबरांत आपल्या ‘सीएस २’ संचाची ही सेवा बंद केली, तेव्हां ग्राहकांसाठीं सक्रियन न लागणारी आवृत्ति दिली. सगळेच विक्रेते इतके उदार नसतात.

यास्तव नांव व किल्ली वहींत लिहून ठेवावी. आणि प्रतिमा विक्रेत्याच्या खास रूपांत न ठेवतां ‘आयएसओ’ रूपांतच ठेवावी, म्हणजे परवाना संपला तरी बारसें दिसत राहील.