गवंड्याचा जामीन, कारकुनाची बढती



तुमच्यापैकी बहुतेकजण घरातले पहिले पदवीधर. कोर्टाचा निकाल वाचणं हे वकिलांचं काम, असं आपल्या मनात पक्कं बसलंय. आज ज्यांच्याबद्दल बोलणार आहे, त्यांचे निकाल मात्र आपण स्वतः वाचले पाहिजेत.

व्ही. आर. कृष्ण अय्यर. जन्म केरळच्या ब्राह्मण कुटुंबात, वकिली थलश्शेरीत. मलबारच्या शेतकऱ्यांचे, कामगारांचे खटले ते चालवत. १९४८ मध्ये कम्युनिस्टांना मदत केल्याच्या आरोपावरून त्यांना स्वतःलाच तुरुंगात डांबलं गेलं. १९५७ मध्ये नंबुद्रिपादांच्या सरकारात ते मंत्री झाले. तुरुंग खातंही त्यांच्याकडेच आलं! १९६८ मध्ये केरळ उच्च न्यायालयात आणि १९७३ मध्ये सर्वोच्च न्यायालयात ते न्यायाधीश झाले. मंत्री राहिलेला माणूस न्यायाधीश कसा, असे आक्षेपही घेतले गेले.

पण तो अनुभव निकालांत उतरला. १९७८ मधला मोतीराम खटला घ्या. मध्य प्रदेशातला गरीब गवंडी. मॅजिस्ट्रेटने दहा हजारांचा जामीनदार मागितला आणि भावाचा जामीन नाकारला, कारण मालमत्ता दुसऱ्या जिल्ह्यात. अय्यरांनी त्याला एक हजाराच्या स्वतःच्या जातमुचलक्यावर सोडलं. गरिबाला न पेलणारा जामीन मागणं म्हणजे जामीन नाकारणंच, हे त्यांना कळत होतं.

दुसरा, १९७५ चा एन. एम. थॉमस खटला. केरळ सरकारने अनुसूचित जाती-जमातींच्या कारकुनांना खात्याची परीक्षा पास होण्यासाठी जादा मुदत दिली आणि तोवर बढतीही दिली. १९७२ मध्ये ५१ पैकी ३४ जागा त्यांना मिळाल्या. ‘मेरिट’वर अन्याय झाला म्हणून ओरड झाली. उच्च न्यायालयाने नियम रद्द केला. सर्वोच्च न्यायालयाने पाच विरुद्ध दोन मतांनी तो वाचवला. त्या पाचांत अय्यर होते. मागे ठेवलेल्यांना हात देणं हा समतेला अपवाद नाही, तीच समता आहे, असा त्या निकालाचा अर्थ.

आता दुसरी बाजू. याच निकालात अय्यरांनी लिहिलं की आरक्षणाचे फायदे वरचा ‘क्रीमी लेयर’च लाटतो. तो शब्द १९९२ मध्ये ओबीसींना लागू झाला, आणि २०२४ च्या उपवर्गीकरणाच्या निकालात काही न्यायाधीशांनी तो अनुसूचित जातींपर्यंत आणला. म्हणजे आपल्या बाजूच्या निकालातलं एक वाक्य पन्नास वर्षांनी आपल्यासमोर उभं राहिलं.

म्हणून कुणाची आरती करू नका, कुणाला मोडीतही काढू नका. सर्वोच्च न्यायालयाचे निकाल आज मोबाइलवर फुकट मिळतात. थॉमस निकाल पूर्ण वाचा, विरोधातली दोन मतंसुद्धा. आणि तुमच्यातल्या काहींनी वकिली करा, पुढे त्या खुर्चीतही बसा. अय्यरांनी गवंड्याचं दुःख ऐकून समजून घेतलं. आपल्याला ते घरातूनच ठाऊक आहे.

जय भीम!