जात सोडली, कागद सोडू नका
(विहाराच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



आजचा विषय कागदाचा आहे.

नोकरीची जाहिरात निघाली की पोरं आमच्याकडं धावत येतात. अभ्यास झालेला असतो, मार्क असतात, कागद नसतो. शेवटची तारीख आठ दिवसांवर, आणि कागदावर नुसतं 'बौद्ध' लिहिलेलं! रेल्वे, बँक, केंद्राच्या कंपन्या इथं हे चालत नाही. बौद्ध हा धर्म आहे. अनुसूचित जातींच्या यादीत महार, मांग, चांभार अशी जातींची नावं आहेत. तिथं केंद्राच्या नमुन्यातला, जातीचं नाव असलेला दाखलाच लागतो.

मग एखादा बाप रागानं विचारतो, "जात सोडली, ती पुन्हा कशाला लिहायची?" राग खरा आहे. १४ ऑक्टोबर १९५६ ला बाबासाहेबांनी नागपुरात आपल्याला त्या नरकातून बाहेर काढलं. पण १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशात बौद्ध बसत नव्हते. महाराष्ट्रानं राज्याच्या सवलती दिल्या, केंद्राचं दार मात्र १९९० पर्यंत बंदच होतं. वि. प्र. सिंह यांच्या सरकारच्या काळात कायदा बदलला तेव्हा ते उघडलं. मधल्या ३४ वर्षांत कोणी पोटासाठी शाळेत 'हिंदू महार' ठेवलं, कोणी अभिमानानं 'बौद्ध' लिहिलं, कुठं मास्तरनंच 'नवबौद्ध' टाकलं. एकाच आजोबाची नातवंडं कागदावर तीन तऱ्हेची झाली. ही लबाडी नाही, हा आपला इतिहास आहे. अधिकाऱ्यासमोर तो ताठ मानेनं सांगा. धर्म बौद्ध, मूळ जात महार, असं दोन्ही लिहा. ती जात आपण पाळत नाही; तिनं केलेल्या अन्यायाची भरपाई मागतो.

आता कामाचं बोलू. दाखला उपविभागीय अधिकारी देतात, त्याची पडताळणी जिल्ह्याची समिती करते. २००१ पासून लागू असलेल्या राज्याच्या कायद्यानं जात सिद्ध करण्याचा भार आपल्यावर आहे. १० ऑगस्ट १९५० च्या आधी आपलं घराणं कुठं राहत होतं, कोणत्या जातीचं होतं, हे दाखवावं लागतं. आपला मुलूख निजामाच्या राज्यातून १९४८ ला सुटला. जुन्या नोंदी उर्दूत, मोडीत आहेत. उदगीर, निलंगा, अहमदपूर तेव्हा बीदर जिल्ह्यात होते. लातूर जिल्हा तर १९८२ चा. म्हणून इथं कागद सापडला नाही की नशिबाला दोष देऊ नका, जुन्या जिल्ह्यातही शोधा. आजोबाच्या शाळेचा प्रवेश-निर्गम उतारा, जन्म-मृत्यूची नोंद, जमीन असेल तर जुनी महसुली नोंद काढा. आजोबा शाळेत गेलेच नसतील तर वडिलांकडच्या चुलत्याचा कागद बघा. भावकीत कोणाला वैधता प्रमाणपत्र मिळालेलं असेल तर तो मोठा आधार असतो. अबोला असला तरी त्यासाठी दार वाजवा.

सुनांचंही ध्यानात ठेवा. बाईची जात बापाकडून धरतात, नवऱ्याकडून नाही. बीदर, निजामाबादकडून आलेल्या लेकीला महाराष्ट्र राज्याच्या १३ टक्क्यांत जागा मिळत नाही. केंद्राच्या १५ टक्क्यांत मात्र ती माहेरच्या दाखल्यावर अर्ज करू शकते.

आणि दलालांपासून सांभाळा. क्रीमी लेयरचा दाखला अनुसूचित जातीला लागत नाही. त्याच्या नावावर कोणाला पैसे देऊ नका. पैसे मोजून खोटा दाखला तर मुळीच घेऊ नका. २०१७ ला सुप्रीम कोर्टानं सांगितलं, जातीचा दावा खोटा ठरला की नोकरी जाते, किती वर्षं केली हे बघत नाहीत.

आमची एकच विनंती आहे. रविवारच्या वंदनेनंतर अर्धा तास इथंच बसू. प्रत्येक घरानं आपली वंशावळ वहीत लिहून काढावी. म्हाताऱ्या माणसांना आजच विचारा, कारण ती गेली की गावांची नावंही जातात. उर्दू वाचणारे मुसलमान वडीलधारे आपल्या शेजारी आहेत, त्यांची मदत घ्या. जाहिरात निघण्याआधी लेकराच्या हातात कागद असला पाहिजे.

नमो बुद्धाय! जय भीम!