अक्षर, अर्थ आणि उसाचा फड

(अहिल्यानगर जिल्ह्यातील कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गात झालेल्या भाषणाचा संपादित भाग)



भाषेचा प्रश्न निघाला की महाराष्ट्रात चर्चा होते ती माध्यमाची. २०२५ च्या एप्रिलमध्ये पहिलीपासून हिंदी सक्तीची करणारा निर्णय राज्य शासनाने काढला, त्याविरुद्ध सर्व थरांतून आवाज उठला आणि जूनअखेर शासनाला माघार घ्यावी लागली. तो विरोध योग्यच होता. परंतु कोणती भाषा शिकवायची या वादाच्या धुरळ्यात, कोणतीही भाषा मूल कशाच्या आधारे शिकते, हा त्याहून मूलभूत प्रश्न पुन्हा एकदा बाजूला राहिला. मराठी शाळेत, मराठी पुस्तकातून, मराठी मुलालाही अर्थशून्य भाषा शिकविता येते. आणि ती बव्हंशी तशीच शिकविली जाते.

हा विचार या जिल्ह्यात व्हावा हे उचितच आहे. नेवाशाला प्रवरेच्या काठी शके १२१२ मध्ये, म्हणजे १२९० साली, ज्ञानेश्वरी सांगितली गेली. गीतेचे सातशे श्लोक त्यापूर्वीही पाठ म्हटले जात होतेच. ज्ञानेश्वरांनी त्या सातशे श्लोकांसाठी सुमारे नऊ हजार ओव्या खर्ची घातल्या. शब्दाला शब्द ठेवायचा असता तर एवढ्या ओव्या लागल्या नसत्या. एका श्लोकाचा आशय ऐकणाऱ्याच्या अनुभवात रुजवायचा तर शेत, पाऊस, गाय-वासरू, सोने आणि दागिना, आई आणि तान्हे मूल असे त्याचे सारे जग मदतीला बोलवावे लागते, हे त्यांनी जाणले होते. यास्काने निरुक्तात, अर्थ न कळता वेद घोकणाऱ्याला भार वाहणाऱ्या खांबाची उपमा दिली आहे. योगायोग असा की, ज्या खांबाला टेकून ज्ञानेश्वरी सांगितली गेली असे परंपरा मानते, तो नेवाशाला आजही पूजिला जातो. पूजा खांबाचीच होते. तेथे काय घडले याची आठवण किती जणांना होत असेल, हा प्रश्न वेगळा.

मूल भाषा कशी शिकते याचे उत्तर आपल्याकडे मीमांसकांनी फार पूर्वी दिले. घरातील एक वडीलधारा दुसऱ्याला म्हणतो, ‘गाय आण’. तो गाय घेऊन येतो. मूल हे पाहत असते. पुढे कधी ‘गाय बांध’, कधी ‘घोडा आण’ असे त्याच्या कानावर पडते. कोणता शब्द बदलला आणि कृतीत काय बदलले, याचा मेळ घालीत ते ‘गाय’ आणि ‘आण’ हे दोन्ही शब्द वेगळे काढते. याला त्यांनी वृद्धव्यवहार असे नाव दिले. प्रभाकर म्हणे की शब्दाला अर्थ येतो तो वाक्यातल्या संबंधानेच. कुमारिलाचे मत निराळे होते. त्या वादात येथे शिरण्याचे कारण नाही. मूल व्यवहारातून शिकते, आधी सबंध व्यवहाराचा अर्थ त्याला उमगतो आणि मग त्यातून शब्द सुटे होतात, यावर मात्र दोघांचे एकमत होते. पतंजलीने तर महाभाष्यात थट्टेने म्हटले आहे की, घडा हवा असेल तर माणूस कुंभाराकडे जातो. पण बोलायचे आहे म्हणून ‘शब्द करून द्या’ असे सांगत वैयाकरणाच्या घरी कोणी जात नाही.

शाळेत याच्या नेमके उलट घडते. तेथे आधी अक्षर, मग शब्द, मग वाक्य आणि वेळ उरलाच तर अर्थ.

दसरा-दिवाळीच्या सुमारास पाथर्डी-शेवगावच्या आणि शेजारच्या बीड जिल्ह्यातील ऊसतोडणी मजुरांच्या टोळ्या कालव्याच्या पट्ट्यात उतरतात. त्यांच्याबरोबर मुलेही येतात. कारखान्याच्या परिसरात कोपीवर राहणारे नऊ वर्षांचे मूल धाकट्या भावंडाला सांभाळते, पाणी आणते, मोळ्या वाहायला हात लावते. फड, खोडवा, पाचट, वाढे, मोळी, कोयता यांतला प्रत्येक शब्द त्याने राबताना शिकलेला असतो. लागणीचा ऊस आणि खोडव्याचा ऊस यांतला फरक ते सांगू शकते. वाढे विकून आईच्या हाती सुटे पैसे कसे येतात हेही त्याला ठाऊक असते. हे मूल चुकूनमाकून जवळच्या शाळेत जाऊन बसले, तर भिंतीवरच्या तक्त्यात त्याला काय दिसते? ऊ उसाचा. चित्रातल्या उसाला पाचट नसते आणि तो तोडणारे हातही नसतात. ज्या विषयावर ते मूल घटकाभर बोलू शकले असते, तो विषय एका अक्षराला टेकू देण्यापुरता वापरून पुढे ‘ए एडक्याचा’कडे जायचे असते. एडका म्हणजे काय हे त्याला सांगता आले नाही, की त्याची नोंद ‘अप्रगत’ अशी होते.

अर्थाचा आग्रह म्हणजे अक्षराची उपेक्षा, असा कोणी ग्रह करून घेऊ नये. अलीकडे काही उत्साही मंडळी मुलाला चित्र पाहून अंदाजाने ‘वाचू’ देतात आणि त्याला नवे शिक्षणशास्त्र म्हणतात. तेही फसवेच. देवनागरीची अक्षरे, काना-मात्रा, जोडाक्षरे क्रमाने आणि कसून शिकवावीच लागतात. ते कष्ट टाळले तर गरिबाचे मूलच मागे राहते, कारण त्याच्या घरी ती उणीव भरून काढणारे कोणी नसते. मात्र ज्या शब्दांतून ती अक्षरे यावयाची, ते शब्द कोणाच्या आयुष्यातून घ्यायचे, हा प्रश्न राजकीय आहे.

ब्राझीलमध्ये पाउलो फ्रेरे यांनी तो राजकीय म्हणूनच हाताळला. १९६३ साली अंजिकोस या गावी त्यांच्या पद्धतीने सुमारे तीनशे श्रमिकांना अवघ्या दीड महिन्यात लिहावाचायला शिकविण्यात आले. वर्गाची सुरुवात वर्णमालेने होत नसे. वीट, काम, जमीन अशा रोजच्या शब्दांवर आधी चर्चा होई : वीट कोण भाजतो, घर कोणाचे होते? मग त्या शब्दाची अक्षरे फोडली जात. १९६४ मध्ये तेथे लष्करी सत्ता आली, फ्रेरे तुरुंगात गेले आणि नंतर त्यांना देश सोडावा लागला. बाराखडी शिकविणाऱ्या माणसाची सेनापतींना एवढी धास्ती वाटत नाही.

आपल्याकडेही हे कळलेले माणूस होऊन गेले आहे. जोतीराव फुल्यांनी १८४८ साली नगरमध्ये मिस फॅरार यांची मुलींची शाळा पाहिली आणि पुण्यास परतून स्वतःची शाळा काढली. पुढे १८५५ मध्ये त्यांनी ‘तृतीय रत्न’ हे नाटक लिहिले. त्यातला जोशी कुणबी नवरा-बायकोला लुबाडतो, कारण ग्रहांची त्याची भाषा त्यांना कळत नाही, आणि न कळणाऱ्या शब्दाचे भय वाटते. नाटकाच्या शेवटी ते जोडपे रात्रीच्या शाळेत जायला निघते.

जोश्याची जागा आता निराळ्या कागदांनी घेतली आहे. ऊसतोडणीत नवरा-बायको मिळून एक ‘कोयता’ धरतात. एकटा असेल तो ‘अर्धा कोयता’. माणसाला हत्याराचे नाव देणारी ही भाषा मुकादमाच्या वहीत सहज नांदते. ‘उचल’ घेताना ज्या कागदावर अंगठा किंवा सही होते, त्यातील मजकूर मराठीच असतो. परंतु ‘सदर रक्कम’, ‘कसूर झाल्यास’, ‘वसुलीस पात्र’ ही मराठी ज्याच्या फडात कधी उतरली नाही, त्याला ती संस्कृत मंत्रांइतकीच परकी. अर्थ या एकाच शब्दात आपल्या भाषेने आशय आणि धन दोन्ही बसविले आहेत. उचल घेणाऱ्याजवळ दोहोंचीही वाण असते.

सभासद शेतकऱ्याची स्थिती याहून बरी आहे, पण किती बरी? विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांनी प्रवरेला सहकारी साखर कारखाना उभा केला तेव्हा ‘सहकार’ या शब्दाला कष्टाने कमावलेला अर्थ होता. आज अनेक कारखान्यांच्या वार्षिक सभेत ताळेबंद वाचला जातो, ठराव मांडला जातो आणि मांडवातून ‘मंजूर, मंजूर’ असा घोष उठतो. शाळेत कविता घोकणारी मुले आणि हा मांडव यांत शैक्षणिक अंतर फारसे नाही.

पाहण्यांचे आकडेही जपून वाचले पाहिजेत. २०२२ च्या ‘असर’ पाहणीत ग्रामीण भारतातील पाचवीच्या निम्म्याहून अधिक मुलांना दुसरीचा मजकूर वाचता आला नव्हता, यावर बरीच हळहळ व्यक्त झाली. परंतु ती कसोटी मोठ्याने वाचण्याची होती. ज्यांना वाचता आले, त्यांपैकी किती जणांना समजले, हे त्या आकड्यात नाही. २०२१ मध्ये केंद्र सरकारने सुरू केलेल्या ‘निपुण भारत’ योजनेच्या नावातच समजून वाचणे आहे. ते वर्गात किती उतरले, हे तालुक्या-तालुक्यातील कार्यकर्त्यांनी शाळेत जाऊन पाहावे.

आणि जाताना स्वतःची पत्रकेही बरोबर न्यावीत. ‘उत्पादनसंबंध’, ‘भांडवली संचय’, ‘व्यापक जनआंदोलन’ हे शब्द चुकीचे नाहीत. शास्त्राला परिभाषा लागतेच. परंतु तोडणी मजुराच्या कोपीवर पत्रक वाटताना ‘उत्पादनसंबंध’ म्हणणारा कार्यकर्ता आणि ‘वसुलीस पात्र’ लिहिणारा मुकादम, हे दोघेही त्या क्षणी एकाच बाजूला उभे असतात. हे ऐकायला कटू आहे, पण टाळण्याजोगे नाही.

येत्या हंगामासाठी एक काम सुचविण्यासारखे आहे. टायरगाडी किंवा ट्रॅक्टर वजनकाट्यावरून उतरला की पावती मिळते. भरलेल्या गाडीचे वजन, रिकाम्या गाडीचे वजन आणि निव्वळ वजन हे त्यावरचे शब्द आणि आकडे मजुरांच्या पोटाचे आहेत, कारण मजुरी टनावर ठरते. संध्याकाळी कोपीवर बसून त्या पावतीवरूनच अक्षरे आणि वजाबाकी शिकवावी. तीन-चार पावत्या एकापुढे एक ठेवल्या की प्रश्न आपोआप निघतील. मुलांनाही शेजारी बसू द्यावे. ‘वजन’ या शब्दातला ‘व’ त्यांनी वाढ्यातून आधीच ओळखलेला असेल.